डावीकडून तिसरी

दिर्चे फेल्लेत्तीच्या पाठीशी कोणीतरी बडी असामी आहे, ही कुजबुज मी पहिल्यांदा ऐकली ती एकोणीसशे साठच्या डिसेंबरात. त्या वेळी माझ्या तोंडात चार खिळे होते, म्हणून "कोण?" असं विचारता आलं नाही. खिळे काढून होईपर्यंत ती असामी उपमंत्री झाली होती. नाताळपर्यंत मंत्री झाली. कार्निव्हल येईपर्यंत तिला फेर्राराजवळ एक बंगला, एक आजारी बायको आणि एक निळी मोटार मिळाली. मोटारीचा निळा रंग माझा. बाकीचं इतरांनी घातलं, उगाच सगळं श्रेय मी घेत नाही.

रोमच्या प्राती भागातल्या एका नाट्यगृहातून दर शनिवारी संध्याकाळी टीव्हीचा मोठा कार्यक्रम थेट जायचा. एक गाणारी बाई, एक विनोद करणारा, एखादा घाबरलेला पाहुणा, आणि मध्ये मध्ये बारा मुलींची रांग. त्या रांगेच्या बुटांचं काम माझ्याकडे होतं. पडद्यावर बारा डोकी एका रेषेत दिसायला हवीत, असा हुकूम. देवाने बायका काही एका मापात घडवल्या नाहीत, तेव्हा ती चूक मी टाचांमध्ये दुरुस्त करायचो. बुटकीला नऊ सेंटिमीटर, उंच असेल तिला पाच. टाच कोणाची किती, हे मुली आपल्या वयापेक्षा जास्त लपवायच्या. पायांत कमरेपर्यंत जाड काळे मोजे, कारण कातडी दिसता कामा नये असं वरच्या मजल्याचं म्हणणं. पडद्यावर पाय नुसते चुलीच्या धुरांड्यासारखे दिसायचे. तरी शनिवारी अख्खा देश काटा-चमचा खाली ठेवून त्या धुरांड्यांकडे बघत बसायचा.

दिर्चे डावीकडून तिसरी. अठ्ठावन्न साली आली तेव्हा तेवीस वर्षांची होती. चेहरा असा, की शनिवारी सगळ्यांनी पाहावा आणि रविवारी एकालाही आठवू नये. नाचायची मात्र घड्याळासारखी. आठ मोजायला सांगितलं की आठच मोजणार, साडेआठ नाही. ती कोमाक्कियोची, म्हणजे खाडीकाठची. तिथे आई आणि दोन बहिणी ईल माशांच्या कारखान्यात. मासे सळईवर ओवायचे, जाळावर भाजायचे, व्हिनेगरमध्ये बुडवून डब्यांत भरायचे. तेराव्या वर्षापासून हीही तेच करत होती. आठवड्यातून एकदा बसने फेर्राराला जाऊन एका जुन्या नर्तकीकडे नाच शिकली, तेवढीच काय ती ऐश.

मी एकदा तिचा पाय मांडीवर घेऊन विचारलं होतं, "दिर्चे, तुला हवंय तरी काय? पुढे यायचंय? एकटीचा नाच? सिनेमा?"

"नको, सोर रेमो. एकटीने उभं राहिलं की हात कुठे ठेवायचे ते कळत नाही."

"मग?"

"रांगेत राहायचंय."

"आणि रांगेनंतर?"

"रांगेनंतर कोमाक्कियो," ती म्हणाली. "तिथे हाताचा वास जात नाही. साबणाने नाही, लिंबाने नाही. इथे येऊन पाच महिन्यांनी गेला."

हे सांगताना तिने तोंड वाकडं केलं नाही की उसासा टाकला नाही. बसची वेळ सांगावी तसं सांगितलं. दुसऱ्या एखादीने एवढ्यावर दोन रुमाल भिजवले असते.

तर रांगेत राहायचं, एवढंच तिला हवं होतं. आणि तेवढंच कोणाला मिळत नसे. करार एका हंगामाचा. दर सप्टेंबरात सगळ्या मुलींना पुन्हा उभं करायचे, पुन्हा मोजायचे, आणि बाहेर दारात चाळीस नव्या पोरी पायांची बोटं मोडत उभ्या. प्रत्येकीचा एक कागद असे. नाव, उंची, वजन, बुटाचं माप, केस, आणि शेवटचा रकाना, "कोणाकडून". त्या रकान्यावाचून कागद अपुरा. डावीकडून चौथ्या लोरेदानाच्या रकान्यात एका मोन्सिन्योरचं, म्हणजे चर्चमधल्या बड्या धर्मगुरूचं, नाव होतं. एकीच्या रकान्यात खासदाराचा दंतवैद्य होता. इंग्लंडहून आलेल्या तिघींच्या रकान्यात लंडनची एजन्सी. एका पोरीच्या रकान्यात तर "सही करणाऱ्याच्या सासूबाईंकडून" असं सरळ लिहिलेलं होतं, आणि त्या पोरीला अख्खी इमारत वाकून नमस्कार करायची.

दिर्चेचा रकाना कोरा होता.

हे शोधून काढलं ब्रुन्योलीने. ब्रुन्योली हा कागद सांभाळणारा कारकून, बाह्यांवर काळी कापडी गवसणी चढवून बसणारा. दुपारी माझ्या खोलीत पाव आणि मोर्तादेल्लाच्या मांसाच्या चकत्या खायला यायचा आणि बदल्यात बातम्या द्यायचा.

"रेमो, कोऱ्या रकान्याचा अर्थ कळतो का तुला?"

"शाई संपली असेल."

"अरे बावळटा! सरकारी कचेरीत लिहायचं राहत नाही. लिहायचं टाळतात." त्याने दाराकडे बघितलं. "ज्याचं नाव लिहिता येतं तो मोठा. आणि ज्याचं लिहिता येत नाही तो?"

"तो?"

"तो किती मोठा असेल, विचार कर."

मी विचार केला. माझी खोली म्हणजे त्या इमारतीतलं पोस्ट ऑफिस. बूट ठेवायला येणारा प्रत्येक जण काहीतरी घेऊन जायचा. तेव्हा मी निळ्या मोटारीचा विचार केला आणि तो लोरेदानाच्या कानात सोडला. लोरेदानाच्या कानात सोडलेली गोष्ट संध्याकाळपर्यंत वादकांकडे पोचायची आणि दुसऱ्या दिवशी वरच्या मजल्यावर.

त्यात दिर्चेने स्वतःच भर घातली. दर नाताळला ती आईने पाठवलेले माशांचे गोल डबे घेऊन यायची आणि सगळ्यांना एक एक द्यायची. रखवालदाराला, मला, ब्रुन्योलीला, वरच्या मजल्यावर कार्यक्रमाचे प्रमुख कोमेन्दातोरे स्काराबेल्लींना. नाताळच्या आदल्या दिवशी ईल खायचा ही आमची रीतच, तिला वाटलं, आपलेपणा दिसेल. कोमेन्दातोरेंनी तो डबा तीन दिवस टेबलावर ठेवला, उघडला नाही. चौथ्या दिवशी सगळ्यांना कळलं की डबा म्हणजे वरून आलेला निरोप आहे आणि असामी फेर्राराकडची आहे.

दर सप्टेंबरात मुली गळत गेल्या. एक लग्न करून, एक वजन वाढून, एक दंतवैद्याचा खासदार निवडणुकीत पडला म्हणून. दिर्चे तिसरीच्या जागी उभी. लोरेदाना तिला चिमटे काढायची.

"काय गं, काल कुठे होतीस? मोटारीतून फिरायला?"

"घरी. मोजे शिवत होते."

"आणि मोजे शिवायला कोण आलं होतं?"

"घरमालकीण. तिचेही फाटलेत."

मुली खिदळायच्या. तिचं "घरमालकीण" हे सांकेतिक नाव आहे असं ठरलं. आता कबूल करतो, ती सान लोरेन्झोत एका विधवेकडे एका खोलीत राहायची, ट्रॅमने यायची आणि ट्रॅमने जायची. त्या ट्रॅममध्ये मी तिला कितीतरी वेळा पाहिलं होतं. पण ट्रॅम सांगून कोणाचं मनोरंजन होतं?

अडुसष्टच्या शरदात नाच बसवायला नवा माणूस आला. माएस्त्रो दाल पोझ्झो, मिलानचा, गळ्यात रंगीत रुमाल. त्याला जुनी रांग म्हणजे फडताळातल्या बशा वाटत होत्या. त्याला केस उडवणाऱ्या, खांदे हलवणाऱ्या विशीच्या पोरी हव्या होत्या. पहिल्याच दिवशी त्याने पेन्सिलने चार नावं खोडली. त्यात दिर्चे फेल्लेत्ती होती. कागदावर तिचं वय एकोणतीस होतं, खरं तेहतीस.

कोमेन्दातोरेंनी यादी बघितली आणि स्वतःच्या हाताने एका नावावरची रेघ रबराने पुसून ते पुन्हा शाईने लिहिलं.

"ही राहील."

"का? ही नाचते की हजेरी देते, तेच कळत नाही."

"माएस्त्रो, तुम्ही मिलानचे. तुम्हाला इथलं माहीत नाही."

"कोणाची आहे ती?"

"तेच विचारायचं नसतं," कोमेन्दातोरे म्हणाले.

दाल पोझ्झो हट्टी. त्याने तीन ठिकाणी फोन लावले. या पक्षाच्या कचेरीत म्हणाले, आमची नाही, पण जपून. त्या पक्षाच्या कचेरीत म्हणाले, आमची नाही, पण तुम्ही आत्ता का विचारताय? व्हॅटिकनकडच्या ओळखीने तर फोनच ठेवून दिला. तिन्ही ठिकाणी कोणी नाव घेईना, तेव्हा दाल पोझ्झोची खात्री पटली की असामी खरंच मोठी आहे. तरी त्याने एक खोडी काढलीच. तिला उजव्या टोकाला, सजावटीच्या खांबामागे उभी केली. शनिवारी पडद्यावर तिची फक्त कोपरं दिसली.

सोमवारी नाट्यगृहाच्या आवारात गाडी लावायचा त्याचा परवाना रद्द झाला. आवारात नवी गटारं खणायची होती म्हणून सगळ्यांचेच रद्द झाले होते, पण सगळ्यांचे झाले हे त्याला कोण सांगणार? मी तरी सांगितलं नाही. मंगळवारी दिर्चे पुन्हा डावीकडून तिसरी होती, आणि पुढच्या शनिवारी कॅमेरा तिच्या चेहऱ्यावर पुरती पाच सेकंद थांबला. दहा वर्षांत पहिल्यांदा. तालमीनंतर दाल पोझ्झो तिच्यापाशी गेला. मी तिथेच खाली बसून कोणाची तरी टाच तासत होतो.

"सिन्योरिना, त्यांना माझा नमस्कार सांगा."

"कोणाला?"

"बरोबर," दाल पोझ्झो आदराने म्हणाला. "अगदी बरोबर."

तो गेल्यावर दिर्चेने मला विचारलं, "सोर रेमो, माझं काही चुकलं का?"

तेव्हा मी तिला सगळं सांगितलं. मंत्री, बंगला, आजारी बायको. मोटारही सांगितली, रंग सोडून. ती ऐकत राहिली. एका पायात बूट, एक पाय मोज्यात.

"दहा वर्षं?" तिने विचारलं.

"आठ. पहिली दोन वर्षं कोणाचं लक्ष गेलं नव्हतं."

"मला वाटायचं, मी नीट नाचते म्हणून ठेवतात." तिने दुसरा बूट घातला. "हा डावा घट्ट होतोय."

मी डावा सैल करून दिला. त्यानंतर कोणी विचारलं की ती सरळ "माझं कोणी नाही" म्हणून सांगायची. त्याचा परिणाम उलटाच झाला. किती तयार केलंय पोरीला, असं म्हणत वरच्या मजल्यावरचे लोक तिच्यासाठी दार उघडून धरायला लागले.

सत्तरच्या सप्टेंबरात एका सेनेटरच्या भाचीला नाच करायची इच्छा झाली. भाची एकोणीस वर्षांची, पोरगी वाईट नव्हती, आठ मोजताना कधी सात तर कधी नऊ मोजायची एवढंच. सेनेटरच्या सचिवाचा दिवसाला एक फोन. रांग बाराचीच, तेव्हा कोणाला तरी काढायचं. ब्रुन्योलीने अकरा कागद टेबलावर मांडले. प्रत्येकावर नाव. मोन्सिन्योर अजून जागेवर होता, सासूबाई अजून जिवंत होत्या. बारावा कोरा.

मोजणीच्या आदल्या दिवशी मी दिर्चेला गाठलं.

"उद्या तुला वर बोलावतील. कोमेन्दातोरे नाव विचारणार."

"मी सांगितलंय, कोणी नाही."

"अगं, आता ते चालणार नाही! त्यांना सेनेटरला तोंड द्यायचंय. तू एक नाव घे. कोणाचंही. फेर्राराचा बिशप घे. ते काय त्याला फोन करून विचारणार आहेत?"

"आणि विचारलं तर?"

"तर तो नाही म्हणेल. ती तर सर्वात भक्कम खूण!"

तिने बुटाचा पट्टा सोडून पुन्हा लावला. मला वाटलं, पटलं.

"त्या बिशपचं नाव काय?" तिने विचारलं.

ते मलाही माहीत नव्हतं. मी ब्रुन्योलीकडून काढून चिठ्ठीवर लिहून दिलं. तिने चिठ्ठी बुटात ठेवली.

दुसऱ्या दिवशी कोमेन्दातोरेंच्या खोलीत मी होतोच. त्यांच्या बुटाची शिवण उसवली होती आणि ते बूट पायातून न काढता शिवून घ्यायचे. म्हणजे मी टेबलाखाली, गुडघ्यांवर. तिथून मला दिर्चेचे फक्त घोटे दिसत होते. एकमेकांना चिकटलेले, रांगेत उभी असते तसे.

"बसा, सिन्योरिना. मी तुमच्या बाजूचा आहे," कोमेन्दातोरे म्हणाले. "बारा वर्षं मी काही विचारलं नाही. आज विचारतोय. एक नाव सांगा. मोठ्याने नको हवं तर. कागदावर लिहा, मी वाचून फाडून टाकतो."

"कोणी नाही."

"असं बघा, मला जाणून घ्यायची हौस नाही. मला फक्त कोणाला दुखवायचं नाही. तुम्ही नाव घेतलंत तर मी त्या सचिवाला उद्या सांगतो की जागा नाही. तुम्ही राहाल. पुढची पाच वर्षं राहाल."

मी टेबलाखालून तिच्या बुटावर बोट टोचलं. तिने पाय हलवला नाही.

"कोणी नाही, कोमेन्दातोरे."

"बरं, दुसऱ्या तऱ्हेने विचारतो." त्यांचा आवाज खाली आला. "उद्या मी तुम्हाला काढलं, तर मला फोन कोणाचा येईल?"

तिने खरंच विचार केला. मी मोजत होतो, आठ झाले असतील.

"कोणाचाच येणार नाही," ती म्हणाली.

कोमेन्दातोरेंचे पाय माझ्या हातात एकदम सैल पडले. बारा वर्षांचं ओझं उतरावं तसे. त्यांनी उठून तिच्याशी हात मिळवला, एवढी चांगली मुलगी आपण कधी पाहिली नाही असं म्हणाले, आणि ते अगदी मनापासून म्हणाले.

"शनिवारी येऊ ना?" तिने विचारलं.

"नको, सिन्योरिना. शनिवारपासून ती येईल."

खाली माझ्या खोलीत येऊन तिने बूट काढून फळीवर ठेवले. उजव्यातून चिठ्ठी निघाली. ती तिने मला परत दिली.

"का नाही घेतलंस गं नाव? दोन शब्द होते!"

"तोंडावर आलं होतं," ती म्हणाली. "पण मग वाटलं, कंटाळा आला."

"कशाचा?"

"माहीत नाही." तिने आपले बाहेरचे सपाट बूट घातले. त्यांत ती अचानक इतकी बुटकी दिसली की मला तिच्याकडे खाली बघावं लागलं. "ट्रॅम चुकेल. येते, सोर रेमो."

रडली असती तर मी चार शब्द बोललो असतो. पण तिने संधीच दिली नाही. मी दुपारी ब्रुन्योलीबरोबर पाव खाल्ला. शनिवारी भाचीने नऊ मोजले आणि शेजारच्या लोरेदानाच्या पायावर पाय दिला. वर्तमानपत्रात आलं की रांगेत नवं चैतन्य दिसलं.

तीन वर्षांनी राव्हेन्नाला बहिणीकडे जाताना मी वाट वाकडी करून कोमाक्कियोला गेलो. दिर्चे कारखान्यात होती. पांढरी टोपी, रबरी झगा, लांब टेबलापाशी पंधरा-वीस बायकांबरोबर उभी. डब्यात तुकडे, वर व्हिनेगर, एक तमालपत्र, झाकण. हात न बघता चालत होते. मला बघून ती बाहेर आली. तिने हात पुसले आणि पुढे केले नाहीत.

"कशी आहेस?"

"बरी आहे. आई गेली. तुमचा गुडघा?"

"वाकतो अजून. शनिवारी टीव्ही बघतेस की नाही?"

"बहिणी बघतात."

"आणि तू?"

"मी पण तिथेच बसलेली असते." मागून कोणीतरी हाक मारली. ती वळली, मग थांबली. "इथेसुद्धा सगळे म्हणतात, रोमला माझा कोणी मंत्री होता."

"मग तू काय सांगतेस?"

"नव्हता म्हणते. मग ते डोळा मारतात."

तिने मला एक डबा दिला आणि आत गेली. ती तिथेच निवृत्त झाली, लग्न केलं नाही, ब्याण्णव साली वारली. मला ते लोरेदानाच्या पत्रातून कळलं. पत्रात शेवटी लिहिलं होतं, "आता ती गेली, रेमो, आता तरी सांग. तो कोण होता?"

मी उत्तर लिहिलं नाही. ते असं होतं. अठ्ठावन्नच्या सप्टेंबरात रांगेतल्या एका मुलीचं अपेंडिक्स निघालं आणि एक जागा रिकामी झाली. तिच्या बुटांच्या टाचा तयार होत्या, नव्या करायला वेळ नव्हता. मी दारातल्या पोरींपाशी माझी पट्टी घेऊन गेलो. एक मीटर अडुसष्ट सेंटिमीटर उंचीची आणि सदतीस मापाच्या पायाची एकच मुलगी होती. तिला मी आत आणलं. ब्रुन्योलीच्या आधीच्या कारकुनाने विचारलं, कोणाकडून? मी म्हटलं, कोणाकडूनच नाही, माप बसतंय. त्याने रकाना कोरा ठेवला.